एक मोळ शेवंती

सिटी मार्केटच्या फूलबाजारात शेवंती घ्यायला गेलं की विकणारी बाई आजही तोच प्रश्न विचारते, "मुडियोका, पूजेगा?" केसांत माळायला की पूजेला? तिच्या हिशेबी फुलाला या दोनच वाटा आहेत आणि माळायची असेल तर वेणी घट्ट गुंफलेली, पूजेची असेल तर सैल, हे त्यावर ठरतं. मी दर नोव्हेंबरच्या पहिल्या तारखेला तिच्यासमोर उभी राहते आणि दर वर्षी माझी जीभ अडखळते. मग ती वैतागून म्हणते, "लवकर सांग गं अम्मा, मागं गिऱ्हाईक उभंय."

तोवर तो वास माझ्या नाकात शिरलेला असतो. शेवंतीचा वास काही गुलाबासारखा लाडिक नाही. कडसर, ओल्या पाल्याचा, थोडा औषधाच्या कपाटासारखा. पिवळ्या फुलांचे ढीग, त्यांच्यावर शिंपडलेलं पाणी, पायाखाली कुजकी पानं, आणि बायांचे हात कोपरापासून बोटांपर्यंत सरसर फिरत वेणी मोजतात. या मापाला बेंगळुरात मोळ म्हणतात. एक मोळ, दोन मोळ. विकणारीचा हात जितका आखूड तितकी गिऱ्हाइकाची वेणी आखूड, यावर इथं रोज भांडणं होतात. ती भांडणं ऐकली की मला हटकून आमची जानकीअक्का आठवते.

आम्ही तेव्हा चामराजपेटेत राहायचो. कुठल्याशा मराठी फौजेच्या मागून आमचे पूर्वज इथं आले आणि परत जायचं विसरले, असं वडील सांगायचे. त्यांचं चिकपेटेत लेस आणि बटणांचं दुकान होतं. घरात आम्ही मराठी बोलायचो, म्हणजे आम्हाला ती मराठी वाटायची. पुण्याचा कुणी पाहुणा आला की तो आमचं 'बरं'ऐवजी 'सरी' आणि 'थोडं'ऐवजी 'स्वल्प' ऐकून गालात हसायचा, आणि आईला त्याचा भयंकर राग यायचा.

जानकीअक्का समोरच्या घरात एकटी राहायची. उंच, गोरीपान, निळसर डोळ्यांची. अंगावर छापील सुती पातळ, केसांचा लहानसा पांढरा अंबाडा. तिचं खरं नाव यानिना. ती पोलंडची. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात तिथली हजारो बायकापोरं घरातून उचलून बर्फाळ मुलखात नेली गेली, आणि तिथून फिरत फिरत त्यांतली काही कोल्हापूरजवळ वळिवड्याच्या छावणीत येऊन पोचली. त्यांतलीच ही एक अनाथ मुलगी. छावणी उठली, बाकीच्या मुली निघून गेल्या. ही मात्र कोल्हापुरातल्या एका तरुणाच्या प्रेमात पडून राहिली. सासूनं जानकी नाव ठेवलं, नवऱ्यानं बेंगळुरात कारखान्यात नोकरी धरली. मी जन्मायच्या आधीच तो वारला होता. अक्का दर रविवारी चर्चला जायची आणि बाकीचे सहा दिवस अस्सल कोल्हापुरी बोलायची. तिथल्या बायांसारखी "मी आलो, मी गेलो" म्हणायची. पुण्याच्या एका पाहुण्यानं एकदा तिला बोलताना ऐकलं आणि चहाचा कप तसाच हातात धरून बसला. आईला त्या दिवशी फार बरं वाटलं.

अक्काच्या घराला तीन वास होते. मेणबत्तीचा, शेपूचा आणि आंबलेल्या नाचणीचा. शेपू ती उकडलेल्या बटाट्यांवर कच्चाच चिरून टाकायची. आम्हाला शेपूचं कौतुक नवं नव्हतं, इथं तो तांदळाच्या अक्की रोटीतही घालतात. पण नाचणीचं प्रकरण निराळं होतं. तिच्या देशात राय नावाच्या धान्याचं पीठ आंबवून आंबट सूप करतात. राय इथं मिळेना, म्हणून तिनं नाचणीवर भागवलं. मातीच्या बरणीत पीठ, पाणी आणि ठेचलेला लसूण घालून ती फडक्यानं तोंड बांधायची आणि रोज वास घेऊन बघायची. आईनं पहिल्यांदा ते चाखलं तेव्हा म्हणाली होती, "अय्यो अक्का, ही तर आमची आंबील!" तेव्हापासून आमच्या घरची आंबील समोर आणि समोरचं सूप आमच्याकडे, असा वाट्यांचा व्यवहार सुरू झाला. वाटी नेणारी आणि आणणारी मीच. रस्ता ओलांडेपर्यंत वाटीतलं थोडं कमी व्हायचं, ते दोन्ही घरांनी चालवून घेतलं होतं.

कोपऱ्यावरच्या अय्यंगार बेकरीचा पाव तिला मुळीच पटत नसे. "ह्यो पाव न्हवं, कापूस हाय," म्हणायची. पण त्याच कापसाचा तुकडा जमिनीवर पडला तर ती वाकून उचलायची, त्याचा मुका घ्यायची आणि खाऊन टाकायची. अन्न पडलं की आई ते कपाळाला लावायची. दोघींनी एकमेकींना हे करताना पाहिलं होतं, आणि माझ्या मते त्यांची मैत्री खरी तिथंच जमली.

चौथीत मला शाळेचा नकाशा मिळाला. मी तो घेऊन धावत तिच्याकडे गेले आणि पोलंड शोधून त्यावर बोट ठेवलं. "दाखव, तुझं गाव कुठं?" तिनं चष्मा लावला, बोट उजवीकडे सरकवत सरकवत सीमेच्या काळ्या रेघेपलीकडे नेलं. "हितं."

"पण ते पोलंडमध्ये नाही."

"तवा हुतं," ती म्हणाली. मग तिनं आणखी एक सांगितलं. त्याच्याही आधी शंभरावर वर्षं तिचा देश कुठल्याच नकाशावर नव्हता. तीन शेजाऱ्यांनी वाटून घेतला होता. "पर मानसं घरात आपलंच बोलायची, आपलंच सण करायची. मग देश परत आला." आई आंबिलीची वाटी घेऊन दारात उभी होती. ती म्हणाली, "सरी, म्हणजे आमच्यासारखंच की. आमचंही राज्य गेलं, बोलणं राहिलं." अक्का खळखळून हसली आणि म्हणाली, "तुमचं बोलनं बी निम्मं गेलंय."

अशा या दोघींचं एका नवरात्रात बिनसलं.

आमच्याकडे नवरात्रात पायऱ्या मांडून त्यांवर गोंबे, म्हणजे बाहुल्या, बसवतात आणि संध्याकाळी बायकांना हळदीकुंकवाला बोलावतात. अक्का दर वर्षी दुपारीच येऊन बाहुल्या बघून, हरभऱ्याची उसळ खाऊन जायची. विधवेनं हळदीकुंकवाच्या वेळी येऊ नये, एवढं ती सासरी शिकली होती. आईला ते सलायचं. त्या वर्षी तिनं अक्काला हात धरून संध्याकाळीच आणलं. घर बायकांनी भरलेलं होतं. समया, उदबत्त्या, नव्या साड्यांचा कोरा वास. आई एकेकीला शेवंतीची वेणी देत देत अक्कापाशी आली. माझ्या थोरल्या काकूनं घसा खाकरला. आईनं तिकडे लक्षच दिलं नाही. "कुंकू नको तर नको. फूल तरी घ्या," असं म्हणत तिनं सगळ्यांदेखत वेणी अक्काच्या अंबाड्याला लावायला हात वर केला.

अक्कानं तिचं मनगट धरलं. "नगं, सुमन. हे नगं." तिचा चेहरा पांढराफटक पडला होता. ती उठली आणि चपला हातात घेऊनच रस्ता ओलांडून गेली.

"बघ," काकू म्हणाली, "परदेशची असून तिला कळतं. तुलाच कळत नाही."

आईनं ती वेणी देव्हाऱ्यावर ठेवून दिली. बायका गेल्यावर ती स्वयंपाकघरात भांडी फार आपटत होती. तिला अक्काचा राग आला होता हे खरं, पण त्याहून जास्त ती दुखावली होती. तिच्यासाठी आपण चार बायकांचं बोलणं अंगावर घेतलं आणि ती ऐन वेळी काकूच्या बाजूला जाऊन उभी राहिली, असं तिच्या मनानं घेतलं.

वाट्या थांबल्या. दसरा गेला. अक्का खिडकीत दिसायची, आई दारात रांगोळी काढायची, आणि दोघी एकमेकींच्या डोक्यावरून पलीकडच्या तारेवरचे कावळे बघायच्या. मला ते दिवस अजिबात आवडले नाहीत. शेपूचा वास आला की मला रडू यायचं. आई विचारायची, काय झालं, आणि मी म्हणायचे, कांदा.

मग नोव्हेंबरची पहिली तारीख आली. त्या दिवशी कर्नाटक राज्योत्सवाची सुटी. गल्लीच्या तोंडाशी पिवळ्यालाल पताका, लाउडस्पीकरवर कन्नड गाणी, शाळेत जाऊन झेंड्याला नमस्कार केला की चॉकलेट. मी चॉकलेट चघळत घरी आले तर अक्का आमच्या उंबऱ्याबाहेर उभी. हातात मोठी पिशवी.

"सुमन, पोरीला घटकाभर माझ्यासंगं न्हेऊ? वझं हाय. हात दुखत्यात."

"कुठं?"

"होसूर रोडला. आमच्या दफनभूमीत."

आईनं माझ्याकडे बघितलं, पिशवीकडे बघितलं. "तसल्या ठिकाणी पोरीला मी एकटीला पाठवणार नाही," असं म्हणून तिनं पायात चपला सरकवल्या. म्हणजे राग कायम होता, पण ती येणार होती. बसमध्ये मी दोघींच्या मध्ये बसले. आई एका बाजूला बघत होती, अक्का दुसऱ्या. पिशवीतून तो ओल्या पाल्याचा कडसर वास येत होता.

दफनभूमीत त्या दिवशी जवळजवळ कुणी नव्हतं. गेलेल्यांची आठवण म्हणून दिवे लावायला इथले ख्रिस्ती लोक दुसऱ्या दिवशी येतात, अक्काच्या देशात पहिल्याच तारखेला जातात. निलगिरीची उंच झाडं, गवत, मधूनमधून पांढरे क्रूस. अक्का नव्या, धुतलेल्या थडग्यांवरून पुढं गेली. मागच्या भिंतीशी जुनी, कललेली, नावं पुसलेली थडगी होती. तिनं गवत उपटलं, पदरानं दगड पुसला, पिशवीतून शेवंतीच्या वेण्या काढून एकेका दगडावर ठेवल्या आणि शेजारी मेणबत्ती लावली. मी काड्यापेटी धरून तिच्यामागं फिरत होते.

आई लांब उभी राहून बघत होती. शेवटी तिला राहवलं नाही. "ही कोण माणसं, अक्का? तुमच्या नात्यातली?"

"ठावं न्हाई कोन."

"मग?"

अक्का त्या दगडाच्या कडेवरच बसली. "माझी आई आगगाडीतच वारली," ती म्हणाली. "आमी दक्षिनेला येत हुतो. मधल्या एका ठेसनावर तिला उतरवून घेतली. गाडी थांबली न्हाई. ठेसनाचं नावबी मला वाचाय आलं न्हाई. तिला कुटं ठेवली, ठेवली का न्हाई, कायबी ठावं न्हाई. मग मी हितं ज्याला कोन न्हाई त्याला फूल ठेवतो. म्हंजे तिकडं कुनीतरी तिला ठेवंल."

आई गवतातून जवळ आली.

"आमच्यात शेवंती मेलेल्याचं फूल हाय, सुमन. जित्या मानसाला न्हाई देत. तू माझ्या डोक्याला लावाय आलीस आन् मला आई दिसली. तिला अजून एक फूल मिळालं न्हाई, आन् मी माळून बसू? आधी तिचं. मग माझं."

"मला वाटलं तुम्ही काकूचं ऐकलं."

"मी कुनाचं ऐकतो व्हय?"

"मग तेव्हाच का नाही सांगितलं?"

"तुझ्या घरात सन. बाहुल्या, दिवं, लेकीबाळी. तितं मेलेल्याचं कसं काढू?"

आईच्या डोळ्यांतून पाणी यायला लागलं. ती काही चटकन रडणारी बाई नव्हती, त्यामुळे मी घाबरले. तिनं मागं हात नेला आणि स्वतःच्या वेणीतून सकाळी माळलेली शेवंती सोडवली. माळलेलं फूल आम्ही कधी देवाला वाहत नाही. सवाष्णीनं तर दिवसाढवळ्या केसांतलं फूल असं काढूच नये, हे तिनंच मला शंभरदा सांगितलं होतं. "आईंचं नाव काय?" तिनं विचारलं.

"स्तेफानिया."

आई त्या अनोळखी दगडासमोर वाकली, वेणी ठेवली आणि आमच्या बोलीत म्हणाली, "स्तेफानियाअम्मा, ही तुमच्या लेकीच्या शेजारणीकडून. स्वल्प उशीर झाला." अक्कानं तिला जवळ ओढून शेजारी बसवलं. मी मेणबत्त्या विझू नयेत म्हणून हातांचा आडोसा करत फिरले.

त्यानंतर ते आमचं वार्षिक काम झालं. सकाळी झेंडा, मग फूलबाजार, मग बस. बाजारात अक्का विकणारीला मोजू द्यायची नाही. "तुझा हात केवढा, माझा केवढा," म्हणत आपल्या लांब हातानं स्वतःच मोळ मोजायची, आणि बाया तिला कन्नडमधून शिव्या घालत हसत हसत फुलं द्यायच्या. आई लाजून दुसरीकडे बघायची. मला मात्र फार अभिमान वाटायचा.

तिच्या देशातला कारभार एव्हाना बदलला होता, वाटा मोकळ्या झाल्या होत्या. छावणीतली एक मैत्रीण तिला कधीची बोलवत होती. एका वर्षी दिवाळीच्या तोंडावर अक्का निघाली. आईनं तिला चकल्या दिल्या, शाल दिली आणि मला बाजूला घेऊन म्हणाली, "आता कशाला परत येते? तिचं माणूस इथं कोण आहे?" त्या वर्षी पहिल्या तारखेला आई आणि मी दोघीच दफनभूमीत गेलो. आईनं पदर खोचून गवत उपटलं. एकेका दगडावर वेणी ठेवताना ती "स्तेफानियाअम्मा" म्हणत होती, आणि शेवटच्या दगडापाशी तिनं खोचलेला पदर सोडून डोळ्यांना लावला. तिला अक्का परत हवी होती.

अक्का डिसेंबरात आली. दोऱ्यात ओवलेली सुकी अळंबी आणली होती. आईनं ती माळ दोन बोटांत धरून लांबूनच बघितली आणि ताबडतोब माळ्यावर ठेवून दिली. झाकणाचा लाल काचेचा एक दिवाही आणला, थडग्यावर लावायचा.

"गाव बघितलं?" मी विचारलं.

"लांबनं. गाव हाय तितंच हाय. नदी हाय, चर्च हाय. देश तेवढा सरकलाय." तिची मैत्रीण देशाच्या पश्चिमेला राहायची. पूर्वेकडून हुसकावलेल्या लोकांना तिथं वसवलं होतं, आणि त्यांच्या आधी त्या घरांत जर्मन राहत होते. तेही हुसकावले गेले, मागं त्यांची थडगी राहिली. "माझी मैत्रीन त्या जर्मनांच्या थडग्यावर बी दिवा लावती, सुमन. ज्यांनी आमचं वाटोळं केलं त्यांच्या आज्यापंज्यांवर. सगळं मसनवट दिव्यांनी भरल्यालं. मग मी म्हनलं, माझ्या आईजवळ बी असंल की कुनीतरी." हे सांगताना तिचा चेहरा इतका मोकळा झाला होता की आईनं तिला पुढं काहीच विचारलं नाही. फक्त आंबिलीची वाटी पुढं केली.

पुढं काही वर्षांनी एका थंडीत अक्का अंथरुणाला खिळली. आई रोज जाऊन तिचे केस विंचरायची. एकदा मी तिथं होते. अक्का डोळे मिटूनच म्हणाली, "सुमन, तुझी एक येनी ऱ्हायलीया न्हवं माझ्याकडं?"

"राहू द्या हो."

"त्या दिवशी घाल. तवा चालंल मला."

आणि आईनं घातली. चर्चमध्ये शवपेटी उघडी होती, ओळखीच्या चार बायका रांगेनं पुढं येत होत्या. आईनं पिशवीतून शेवंती काढली, अक्काचं डोकं हलकेच उचललं आणि अंबाड्याभोवती वेणी गुंडाळून आकडा लावला. तिच्या देशाचं मेलेल्या माणसाचं फूल, आणि आईनं तिला द्यायचं ठरवलेलं जित्या बाईचं फूल. त्या दिवशी अक्कानं मनगट धरलं नाही. मी तिथं हमसून हमसून रडले.

आता आम्ही कोरमंगलात राहतो. चामराजपेटेचं घर गेलं, गोंबे एका पेटीत बांधलेले आहेत. वडील गेल्याला चार-पाच वर्षं झाली. आई कुणाच्या हळदीकुंकवाला गेलीच तर कोपऱ्यातली खुर्ची धरते आणि फुलांचं ताट जवळ आलं की बाथरूमला जायचं निमित्त काढते. ज्या बाईनं भरल्या घरात काकूला जुमानलं नाही, ती स्वतःच्या बाबतीत मात्र गप्प बसली. मला ते बघवत नाही.

आज बाजारातल्या बाईनं विचारलं, "मुडियोका, पूजेगा?" मी म्हटलं, "पाच मोळ दे. एक स्वल्प घट्ट गुंफलेला." आई बाहेर रिक्षात बसली होती, मांडीवर लाल काचेचा दिवा धरून.

दफनभूमीत आम्ही आधी मागच्या भिंतीशी गेलो. आईच्यानं आता वाकवत नाही, म्हणून ती काठीनं दगड दाखवत होती आणि मी वेण्या ठेवत होते. मग अक्काच्या थडग्यावर दिवा लावला. पिशवीत दोन वेण्या उरल्या. मी घट्ट गुंफलेली वेणी काढली आणि आईच्या मागं जाऊन उभी राहिले. तिच्या विरळ, पांढऱ्या अंबाड्याला हात लावताच तिनं माझं मनगट धरलं.

"आधी तिचं," ती म्हणाली.

मी उरलेली वेणी अक्काच्या दगडावर ठेवली. आईनं ती नीट सरळ आहे का हे बघितलं, काठीवर दोन्ही हात टेकले आणि माझ्यासमोर मान खाली घातली.